पाठीची गोळी

औषधाच्या दुकानातला मुलगा ओळखीचा आहे. चिठ्ठी वाचून त्यानं आवाज खाली आणला. "बेन, आ तो डिप्रेशननी गोळी छे." मागे आमच्याच सोसायटीतले दोघं उभे होते. "पाठीसाठी आहे," मी म्हणाले, आणि तेही मराठीत. एरवी त्याच्याशी मी गुजरातीतच बोलते.

अ‍ॅमिट्रिप्टिलिन, १० मिलिग्रॅम, रात्री झोपताना एक.

तोवर चौदा महिने झाले होते. कमरेच्या चौथ्या-पाचव्या मणक्यांमधली चकती सरकून नसेवर दाब आला होता आणि डावा पाय पोटरीपर्यंत भाजल्यासारखा व्हायचा. शेक, पट्टा, व्यायाम, पोट जाळणाऱ्या गोळ्या, सगळं झालं होतं. पहिल्याच भेटीत मी डॉक्टरांना म्हणाले, "कळ येते." त्यांना ऐकू आलं 'कळतर', म्हणजे गुजरातीत तापात अंग मोडून येतं ते. त्यांनी तसंच लिहून घेतलं. माझी चमक त्यांच्या कागदावर कसकस झाली! पुढे वाचनात आलं, की रोनाल्ड मेलझॅक यांनी १९७५ साली वेदना मोजण्यासाठी ७८ विशेषणांची प्रश्नावली केली होती. वीस गटांत लावलेले शब्द, त्यातून रुग्णानं आपले निवडायचे. तिचा अनुवाद करायला मला आवडलं असतं. उसण, ठणका, सणक, रग, ठुसठुस हे आपल्याकडे आहेतच. पण यातला कुठला शब्द बडोद्यातल्या चिठ्ठीवर पोचेल, हा प्रश्न उरतोच.

आधी प्रीगाबालिन मिळाली होती. मुंग्या थोड्या कमी झाल्यासारख्या वाटल्या, पण शब्द जायला लागले. एका गुजराती कादंबरीचं काम चालू होतं. नायिका उंबऱ्यावर उभी आहे आणि मला 'उंबरा' आठवेना. पाऊण तास! समोरच्या पानावर 'उंबरो' असं छापलेलं होतं. पानामागे मिळणाऱ्या पैशांवर माझं घर चालतं. त्या रात्री मी पाठीपेक्षा त्या पाऊण तासाला जास्त घाबरले. ऑस्ट्रेलियात २०९ रुग्णांवर झालेला एक प्रयोग २०१७ साली प्रसिद्ध झाला आहे. पायात उतरणाऱ्या अशा दुखण्यावर प्रीगाबालिन साखरेच्या गोळीपेक्षा सरस ठरली नव्हती. तो मी नंतर वाचला. डॉक्टरांच्या सल्ल्यानं ती गोळी हळूहळू कमी करत बंद केली आणि ही दुसरी आली. का, हे कुणी सांगितलं नाही. चिठ्ठी फाडून हातात दिली, एवढंच. मी त्याचा अर्थ एकच लावला: तुमचं दुखणं मनाचं आहे.

आमच्या घरात हे वाक्य एका माणसासाठी राखलेलं होतं. माझी आत्या, इंदूरची. ऐंशीच्या दशकात तिची पाठ धरली ती सुटेचना. आजी म्हणायची, "तिचं सगळं मनाचं आहे." कुणा डॉक्टरनं एक गोळी दिली, तिला घरात 'डोक्याची गोळी' म्हणत. ती गोष्ट बाहेर गेली आणि जमत आलेलं लग्न मोडलं. आम्ही मुलं पाठीला हात लावून तिची नक्कल करायचो. मीही करायचे.

मराठीत दुखणं आणि दुःख एकाच मुळातून आले, असं मी व्यासपीठावरून सांगितलेलं आहे, टाळ्याही घेतल्या आहेत. दुकानात त्याचा काही उपयोग झाला नाही.

मग वाचत बसले. मेंदूकडून कण्यात खाली उतरणारे काही मज्जातंतू असतात. खालून येणारी वेदनेची वर्दी ते कण्यातच दाबू शकतात आणि त्यासाठी सेरोटोनिन आणि नॉरअ‍ॅड्रेनलिन ही द्रव्यं वापरतात. गोळी ही द्रव्यं लगेच परत शोषली जाऊ देत नाही. नैराश्यासाठी हीच गोळी ७५ मिलिग्रॅम आणि वर देतात. माझे दहा त्या मानानं चिमूटभर. फार आशाही नको. ब्रिटिश मेडिकल जर्नलमधल्या २०२१ च्या एका आढाव्यात ड्युलॉक्सेटिनसारख्या नव्या गोळ्यांनी पाठदुखी शंभराच्या मापावर सरासरी पाचएक अंकांनीच उतरल्याचं दिसतं. मला तिसऱ्या आठवड्यात सलग पाच तास झोप लागली. तोंडाला कोरड पडते, सकाळी दहापर्यंत डोकं जड असतं. दुखणं सातावरून पाचावर आलं. चाळीस मिनिटं बसता येतं, म्हणजे एक परिच्छेद, बरा असेल तर दीड. शब्द जागेवर आहेत.

मन ठीक होतं का, तर नव्हतं. चौदा महिने न झोपलेल्या माणसाचं जसं असेल तसं होतं. गोळीनं त्यातलं काय उचललं आणि पाठीतलं काय, मला वेगळं काढता येत नाही.

गेल्या रविवारी आत्याला फोन केला. "आत्या, तुझी ती गोळी कुठली होती गं?"

"नाव कुठं आठवतंय. बारीक होती. झोप लागायची. पाय ठणकायचा थांबला होता बघ."

"मग सोडलीस का?"

"मी कुठं सोडली? तुझ्या आजीनं मोरीत टाकली." जरा वेळ ती काही बोलली नाही. मग म्हणाली, "तुला दिलीय होय?"

"हो."

"उशीखाली ठेवू नकोस. मी तिथंच ठेवायचे."

आई माझ्याकडेच राहते. ती तेव्हा स्वयंपाकघरात होती आणि माझं पाकीट कपाटात, मोल्सवर्थच्या कोशामागे.