बाबूराव अर्नाळकर आणि आम्ही

बाबूराव अर्नाळकरांचे नाव निघाले की सुशिक्षित मंडळी नाक मुरडीत. चंद्रकांत सखाराम चव्हाण (१९०६-१९९६) हे त्यांचे खरे नाव. रहस्यकथा त्यांनी हजारांवर लिहिल्या. अमेरिकेत स्वस्त कागदाच्या मासिकांसाठी असाच अखंड लिहिणारा फ्रेडरिक फाउस्ट 'मॅक्स ब्रँड' ह्या टोपणनावाने गाजला. पण मनातून त्याला व्हावयाचे होते कवी!

वैनगंगेकाठी गोसीखुर्दला १९८८ साली धरणाची पायाभरणी झाली. त्याच्या कितीतरी आधी झुंजार आणि काळा पहाड आमच्या हाती पडले होते. पुस्तके हातोहात फिरत, आणि शेवटची पाने बहुधा गळालेली असत. मग खुनी कोण, ह्यावर आम्हां मुलांत रात्री कडाक्याचे वाद होत. धनंजयाला उलगडा करण्याची संधी आम्ही देतच नसू.

आज ती पुस्तके चाळताना भाषा घाईची वाटते, योगायोगांना तर सुमारच नाही. हे खुशाल मान्य. पण दर वेळी नवा गुन्हा रचून वाचकाला अखेरपर्यंत ओढून नेणे, तेही हजार वेळा, हे काय पोरखेळाचे काम आहे?

वडिलांच्या मते हे वाचन म्हणजे अभ्यासाची माती. एक पुस्तक त्यांनी आमच्यादेखत चुलीत घातले. पुढे त्याच हातांनी त्यांनी हरि नारायण आपट्यांची कादंबरी आणून दिली. ती दोन दिवसांत संपलेली पाहून ते प्रसन्न झाले. इतक्या वेगाने वाचावयास आम्हांस कोणी शिकविले, हे त्यांना सांगण्याचे धैर्य मात्र आम्हांस कधीच झाले नाही.