मनुकांचे सरबत आणि कारखान्याची बाटली

माझगावच्या आमच्या घरी शुक्रवारी सकाळी आई काळ्या मनुका पाण्यात भिजत घालीत असे. दुपारी त्या हाताने कुस्करायच्या, स्वच्छ फडक्यातून गाळायच्या आणि ते तांबूस सरबत झाकून ठेवायचे. संध्याकाळी बाबा त्याच सरबतावर किद्दुश म्हणत. कोकणातून आलेली ही रीत आमच्यातल्या बहुतेक घरांत होती, हे जुन्या वाचकांना सांगायला नकोच.

१९७६ साली आम्ही अलिया करून नेगेवमधल्या एका लहान गावी आलो. मी नुकतीच एस. एस. सी. झालेली, धाकटा भाऊ बारा वर्षांचा. पहिल्याच शुक्रवारी मोरोक्कोहून आलेल्या शेजारणीने गोड द्राक्षारसाची एक बाटली आणून दिली. बाबांनी चश्मा लावून लेबल वाचले आणि म्हणाले, "हा रिशोन लेझिऑनचा. १८८२ साली वसलेली वसाहत ती. बॅरन एडमंड डी रॉथशिल्डच्या पैशाने तिथे कारखाना उभा राहिला." आईला बॅरनचे कौतुक नव्हते. तिने विचारले, "म्हणजे आता मनुका भिजवायच्या नाहीत?" त्या शुक्रवारपासून आमच्या घरी बाटली आली ती आलीच.

देशाच्या अर्थकारणात खाण्यापिण्याच्या उद्योगाचे स्थान काय, हे एखाद्या प्रोफेसरने सांगावे. मी चाळीस वर्षे नर्सचे काम केले. परंतु आमच्या कुटुंबाने ह्या उद्योगाचे पैसे घेतले आहेत, त्याला पैसे दिले आहेत आणि त्याचे परिणामही भोगले आहेत. तेव्हा घरातल्या माणसाने सांगावे तसे चार शब्द सांगते.

खरे पाहता आपला समाज ह्या धंद्यात नवखा नाही. कोकणात आपल्याला 'शनिवार तेली' म्हणत. तेल गाळणारे आणि शनिवारी घाणा बंद ठेवणारे, म्हणून ते नाव पडले. आमच्या पणजोबांचा घाणा रेवदंड्याकडे होता. तिळाचे आणि खोबऱ्याचे तेल गावात विकायचे, उरलेली पेंड बैलाला घालायची आणि त्याच तेलात घरचा स्वयंपाक करायचा. तेलात खोट असली तर ती पहिली आपल्याच ताटात उतरे. पुढे गिरणीचे तेल स्वस्त मिळू लागले, घाणे थांबले आणि मंडळी मुंबईला नोकरीसाठी गेली. यंत्राने पोट हिरावलेही आणि शहरात पोट भरलेही, हे आमच्या घरात असे फार आधीच घडून गेले होते.

मुंबईतही मोठ्या उद्योगाची ओळख आम्हाला दुधाच्या बाटलीतून झाली. १९४९ साली गोरेगावला आरे कॉलनी स्थापन झाली आणि शहरातले गोठे तिकडे हलवून दूध बाटलीत भरून येऊ लागले. पहाटे कार्ड घेऊन केंद्रावर रांगेत उभे राहणे हे माझे काम. इथे आल्यावर 'तनुवा'चे दूध पाहिले तेव्हा बाबा म्हणाले, "आपल्या आरेसारखेच दिसते." तसे ते नव्हते. आरे सरकारची, तर तनुवा १९२६ साली किबुत्झ आणि मोशावांच्या शेतकऱ्यांनी काढलेली सहकारी संस्था, आपल्याकडे आणंदला पुढे १९४६ साली निघाली त्या जातीची. शेतकऱ्याने आपले दूध एकत्र करून विकले तर मधला दलाल त्याला नाडू शकत नाही, हा दोन्हीकडचा विचार. २०१५ साली त्याच तनुवाचा मोठा हिस्सा एका चिनी कंपनीच्या हाती गेला. बाबा तोवर राहिले नव्हते, नाहीतर त्यावर पुष्कळ बोलले असते.

इथल्या दुकानात आईची पहिली फजिती झाली ती पीतिमने. बारीक गोल दाणे पाहून ती आनंदाने ओरडली, "अग, साबुदाणा!" रात्रभर भिजत घातला आणि सकाळी पातेल्यात खळ तयार! तो साबुदाणा नव्हता, गव्हाच्या पिठाचा होता. १९४९ पासून ह्या देशात रेशनिंगचे दिवस होते. लाखो माणसे येत होती आणि तांदूळ मिळत नव्हता. तेव्हा बेन-गुरिअन ह्यांच्या सांगण्यावरून 'ओसेम' कंपनीने पिठाचे तांदळासारखे दाणे बनवले. गोल आकार नंतर आला. नव्या देशाला आधी पोट भरावे लागते, आणि ते भरणारा कारखाना त्या वेळी सैन्याइतकाच गरजेचा असतो. गव्हाचे म्हणाल तर आजही इथे लागणारा बहुतेक गहू बोटीने बाहेरून येतो. देशात त्याचे पीठ, पाव, बिस्किटे होतात. म्हणजे बाहेरून आलेल्या कच्च्या मालावर इथल्या हातांना काम मिळते.

त्या हातांमध्ये माझ्या आईचे हात होते. १९५९ साली सरकारने भांडवल गुंतवणाऱ्यांना उत्तेजन देणारा कायदा केला. आडगावी कारखाना काढणाऱ्याला सवलती मिळू लागल्या, आणि आमच्यासारख्या विकासगावांत कापडाचे नि खाण्याच्या पदार्थांचे कारखाने आले. आमच्या गावाजवळ बिस्किटांचा एक कारखाना होता. मुंबईत कधी घराबाहेर नोकरी न केलेली आई चाळिसाव्या वर्षी तिथे पट्ट्यावर पॅकिंगला लागली. एका बाजूला ट्युनिसची बाई, दुसऱ्या बाजूला रुमानियाची. तिघींना एकमेकींची भाषा येत नव्हती, पण पट्ट्याचा वेग तिघींना सारखाच कळे. शुक्रवारी मोडक्या बिस्किटांची पिशवी घरी येई.

आईचा पहिला पगार लिराच्या नोटांत आला, शेकेल अजून यायचा होता. तिने त्यातून माकोलेतची उधारी दिली, माकोलेतवाल्याने पाववाल्याची दिली. कारखान्याचा पगार असा गावभर फिरे. उरलेल्या पैशांतून माझी नर्सिंग स्कूलची पुस्तके आली. हे मी मुद्दाम लिहिते, कारण पुढे जे सांगणार आहे त्या वेळी मला ह्याचा विसर पडला होता.

भाऊ सैन्यातून सुटल्यावर १९८६ साली थंड पेयांच्या एका कारखान्यात लागला. आदल्या वर्षी जुलैत सरकारने महागाई आवरण्याची मोठी योजना आणली होती. त्यापूर्वी, १९८४ साली, महागाई चारशे टक्क्यांच्या वर गेली होती. अशा दिवसांत लोकांनी कपडे, फर्निचर घेणे थांबवले, पण खाणेपिणे थांबत नाही. म्हणून भाऊ म्हणे, "ताई, ही नोकरी पक्की." त्याचे खरे ठरले. गावातला कापडाचा कारखाना बंद पडला, त्याची बाटल्यांची लाईन चालूच राहिली. त्याच पगारावर त्याने घर घेतले, मुले शिकवली.

मी मात्र त्याच रस्त्यावरच्या कुपत होलीमच्या दवाखान्यात मधुमेहाच्या रोग्यांची वही सांभाळीत होते. दरवर्षी वही जाड होत गेली, आणि आपल्या समाजातली नावे तीत काही कमी नव्हती. ह्याला वय, वजन, आईबापांकडून आलेला कल, अशी पुष्कळ कारणे असतात. एकट्या पेयावर खापर फोडणे बरोबर नाही. परंतु गोड पेयात शंभर मिलिलिटरला दहा-अकरा ग्रॅम साखर असते. दीड लिटरच्या बाटलीत ती दीडशे ग्रॅमांच्या वर जाते, म्हणजे पस्तीस ते चाळीस चमचे. मी एका रिकाम्या बाटलीत तेवढी साखर भरून टेबलावर ठेवली होती. रोगी तिच्याकडे पाहात आणि गप्प होत. ती रिकामी बाटली भावाच्याच कारखान्याची होती.

आम्ही बहीणभाऊ एकदा मात्र एका बाजूला उभे राहिलो. कॉटेज चीजवरचे सरकारी भावनियंत्रण २००६ साली उठले होते. पाच शेकेलांच्या आत मिळणारा पाव किलोचा डबा २०११ पर्यंत सातच्या पुढे गेला. त्या जूनमध्ये लोकांनी ठरवले की घ्यायचाच नाही. आम्हीही घेतला नाही. थोड्याच दिवसांत भाव खाली आला. पुढच्या महिन्यात घरभाड्यासाठी तेल अवीवला तंबू लागले, आणि २०१४ साली खाद्यपदार्थांच्या व्यापारात स्पर्धा वाढावी म्हणून कायदाही झाला. करणारे थोडे आणि विकणारे थोडे असले की भाव तेच ठरवतात, हे त्या डब्याने आम्हाला शिकवले. त्या दिवसांत आई हसून म्हणे, "मुंबईत दही घरी लावीत होतो, कोणाच्या कायद्याची गरज नव्हती."

मग १ जानेवारी २०२२ रोजी गोड पेयांवर कर आला, लिटरमागे साधारण एक शेकेल. मला फार आनंद झाला. २०२० पासून जास्त साखरेच्या मालावर लाल खूण आली होती, आता हे दुसरे पाऊल. पुढच्याच शुक्रवारी भाऊ नेहमीप्रमाणे बाटली घेऊन जेवायला आला. किद्दुश झाल्यावर मी ती उचलून स्वयंपाकघरात ठेवली. त्याच्या परवानगीने लिहिते की, त्याची स्वतःची साखर दोन वर्षांपासून वाढलेली होती आणि आकडा मला ठाऊक होता.

तो म्हणाला, "ताई, बाटली परत आण."

मी म्हणाले, "तुझ्यासाठीच उचलली."

"माझ्यासाठी? खप कमी झाला की आधी ओव्हरटाइम जाईल, मग माणसे जातील. तुझ्या दवाखान्याला टाळे लागणार नाही."

मी रागाने बोलून गेले, "लोकांना आजारी पाडून मिळवलेला पैसा तो."

टेबलावर कोणी बोलेना. आई तेव्हा शहाऐंशी वर्षांची होती. तिने चपाती खाली ठेवली आणि माझ्याकडे बघून म्हणाली, "मी पंधरा वर्षे बिस्किटे भरली. त्यात काय मीठ होते? त्या पैशाची तू नर्स झालीस."

मला उत्तर सुचले नाही. मी बाटली परत आणून ठेवली. त्या रात्री ती कोणी उघडली नाही.

वर्षभराने, जानेवारी २०२३ मध्ये, नव्या सरकारने तो कर रद्द केला. भावाने मला फोन केला नाही, मीही केला नाही. त्याच वर्षी मी निवृत्त झाले आणि त्याच वर्षी आई गेली.

आज विचार करता माझे मत बदललेले नाही. तो कर राहायला हवा होता. पण मी एक गोष्ट धरली नव्हती. करातून येणारा पैसा बाटली भरणाऱ्यांच्या गावाला काय देणार, साखर कमी केलेली नवी लाईन टाकायला कारखान्याला कोण मदत करणार, हे आधी सांगितले असते, तर माझा भाऊही कदाचित ऐकून घेता. बोटीने गहू येतो, कारखान्यात माल होतो, पगार गावात फिरतो आणि शेवटी वही माझ्या टेबलावर येते. ही एकच साखळी आहे. मी फक्त माझ्या टोकाकडून तिच्याकडे पाहात होते, आणि भाऊ त्याच्या टोकाकडून. पणजोबांना निदान दोन्ही टोके एकाच घरात दिसत होती.

भाऊ अजून नोकरीत आहे. आता तो आमच्याकडे साध्या सोड्याची बाटली आणतो, तीही त्याच्याच कारखान्याची. साखर पूर्वीपेक्षा खाली आहे. ते माझ्या बोलण्यामुळे, की गोळ्यांमुळे, की त्याच्या बायकोने दटावल्यामुळे, हे मी विचारलेले नाही.

आई गेल्यावरच्या पेसाहला मी शुकातून काळ्या मनुका आणल्या. भिजवल्या, कुस्करल्या, तिच्याच जुन्या फडक्यातून गाळल्या. फडके फाटत आले आहे. भावाने पेला हातात घेतला, वास घेतला आणि थोडा वेळ काहीच बोलला नाही. मग म्हणाला, "ताई, ह्यातही साखर आहेच ना?"

मी म्हणाले, "आहे. तुला अर्धाच पेला."

त्याने अर्धाच घेतला.