तंजावरचे रुमाल

तंजावरला जावे असे मनात होते ते विद्यार्थिदशेपासून. पण मराठीच्या प्राध्यापकाचे प्रवास बहुधा परिसंवादाच्या गावापर्यंतच जातात. परिसंवाद तंजावरला कोण भरवणार! शेवटी गेल्या डिसेंबरात घरच्यांचा रोष पत्करून एकटाच निघालो. चेन्नईच्या एगमोर स्थानकावर रात्रीची गाडी पकडली आणि पहाटे डोळे उघडले तो खिडकीबाहेर कावेरीच्या पाण्यावर पोसलेली भातशेते.

व्यंकोजीराजांनी हे राज्य घेतले ते १६७५ च्या सुमारास. १८५५ साली शेवटचे राजे वारले आणि कंपनी सरकारने ते खालसा केले. सुमारे एकशे ऐंशी वर्षे तमिळ मुलखात मराठी दरबार नांदला. नांदला म्हणजे नुसता राहिला नव्हे. १६८४ ते १७१२ पर्यंत राज्य करणाऱ्या शहाजीराजांनी 'पंचभाषाविलास' नावाचे नाटक लिहिले. त्यात तमिळ, तेलुगू, मराठी, हिंदी आणि संस्कृत अशा पाच भाषा एका रंगमंचावर बोलतात. आज आपण भाषांची जी भांडणे करतो ती पाहून या राजाला हसू आले असते की रडू, कोण जाणे.

राजवाड्यातले सरस्वती महाल ग्रंथालय नायक राजांच्या काळापासूनचे. त्याला आजचे वैभव दिले ते दुसऱ्या सरफोजींनी. १७९८ ते १८३२ ही त्यांची कारकीर्द. हा राजा काशीयात्रेला गेला तो परतताना पोथ्या घेऊन आला. त्याच्या छापखान्यात एकोणिसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात इसापच्या गोष्टी मराठीतून छापल्या गेल्या. ग्रंथालय सर्वांसाठी खुले झाले १९१८ साली. काचेच्या कपाटांतली ताडपत्रे मी पाहत होतो. पानापानाला भोके पाडून दोरीत ओवलेली, उदबत्तीच्या काडीएवढी अक्षरांची ओळ. संस्कृत, तमिळ, तेलुगू, मराठी हस्तलिखिते एकाच छपराखाली, आणि कोणी कोणाला परके नाही.

पण माझा जीव अडकला होता तो रुमालांत. मराठी राज्याच्या दप्तराचे तेराशेच्या वर मोडी रुमाल या ग्रंथालयाच्या वाट्याला आले. जमाखर्च, हुकूम, तक्रारी, देवळांची नेमणूक, कोणाच्या लग्नाला किती तूप दिले हेसुद्धा. १९८१ साली तंजावरला तमिळ विद्यापीठ स्थापन झाले. त्याने यांतल्या कितीतरी कागदांची तमिळ भाषांतरे खंडाखंडांनी छापली. म्हणजे मराठी राजाच्या घरचा हिशेब वाचायचा तर आधी तमिळ शिका! मला राग आला. मग ध्यानात आले की राग कोणावर काढायचा? तमिळ पंडितांनी मोडी शिकून घेतली. मी घेतली नव्हती.

मोडी हेमाडपंताने आणली असे सांगतात. खरेखोटे असो, पण आमच्या आजोबांच्या पिढीपर्यंत ती शाळेत शिकवत. आधी पानभर आडवी रेघ ओढायची, मग तिला लोंबकळत अक्षरे, बोरू शक्यतो न उचलता. शब्द तोडायचे नाहीत, ऱ्हस्व-दीर्घाची फिकीर करायची नाही. घाईच्या कारभाराची लिपी ती. आजोबांची मोडी कागदांनी भरलेली एक पत्र्याची पेटी आमच्या माळ्यावर होती. घर बदलताना आम्ही पेटी ठेवली आणि कागद रद्दीत दिले. तेव्हा मी एम.ए.च्या दुसऱ्या वर्षाला होतो.

संध्याकाळी बृहदीश्वराला गेलो. राजराज चोळाने १०१० साली पुरे केलेले ते देऊळ. त्याच्या भिंतींवर तमिळ शिलालेखांची दाटी. आवाराच्या नैऋत्येकडच्या भिंतीवर मात्र सरफोजींनी १८०३ मध्ये भोसले कुळाचा इतिहास मराठीत कोरवला आहे. अक्षरे स्वच्छ बालबोध. घरापासून इतक्या दूर दगडावर मराठी! मी चढ्या आवाजात वाचू लागलो. पाठीमागून कोणी म्हणाले, "पुण्याकडचे काय?"

वळून पाहिले तो धोतर-उपरण्यातले ऐंशीच्या घरातले एक गृहस्थ. मराठीला तमिळचा हेल, काही शब्द आमच्याकडे आजी गेली तिच्याबरोबर गेलेले. मी मराठी शिकवतो म्हटल्यावर त्यांनी माझा हातच धरला. "मग प्रोफेसर, तुम्ही घरी यायलाच हवं. एक कागद आहे."

घरी कॉफी झाली, सांबार झाले. (सांबाराचे नाव संभाजीराजांवरून पडले अशी गोष्ट त्यांनी सांगितली. चव अशी होती की मी पुरावा मागितला नाही.) मग देवघरातून एक घडी निघाली. त्यांच्या आजीला तिच्या वडिलांनी कुंभकोणमहून लिहिलेले मोडी पत्र. त्यांच्या आईने ते जन्मभर जपले, पण तिलाही मोडी येत नव्हती. घरात मराठी सगळे बोलतात. लिहायची वेळ आली तर तमिळ अक्षरांत लिहितात.

मी चष्मा पुसला. 'श्री' वाचला. पुढे 'चि. सौ.' असावे असा तर्क केला. मग ती आडवी रेघ आणि तिच्याखाली तारेवरच्या पाखरांसारखी अक्षरे. त्यांची सून, नातू, सगळे माझ्या तोंडाकडे पाहत होते.

"येत नाही," मी म्हणालो.

"असू दे, असू दे," आजोबा म्हणाले. "तुम्ही दुरून आला आहात, दमला असाल." माझी अब्रू त्यांनी प्रवासाच्या शिणावर ढकलली. नातवाने पत्राचे छायाचित्र माझ्या फोनवर दिले.

पुण्याला आल्यावर मोडीच्या वर्गाला नाव घातले. विद्यार्थ्यांपैकी दोघेजण त्याच वर्गात भेटले, ती फजिती वेगळीच. संगणकाच्या युनिकोडमध्ये मोडीला २०१४ साली जागा मिळाली, पण जुन्या हाताचे वळण संगणक शिकवत नाही. ते पत्र मला चार महिने पुरले. एका शब्दावर तर आठवडा गेला. मी 'सरकार' वाचत होतो आणि राजकारणाचे इमले रचत होतो. तो 'परकर' निघाला.

आषाढात एका रात्री तंजावरला फोन लावला आणि वाचून दाखवले. पोरीसाठी परकर शिवून पाठविला आहे, खाली चार बोटे दुमड ठेविली आहे, वाढेल तशी सोडावी.

पलीकडे बराच वेळ काही ऐकू आले नाही. मग ते म्हणाले, "ती पोर म्हणजे माझी आई." आणि थोड्या वेळाने, "पुन्हा वाचा."