पैलतीरावरची अरण्यकथा

आलापल्ली मागे पडली की सागाचे अरण्य रस्त्याच्या दोन्ही अंगांनी दाटून येते. हेमलकसा ओलांडून भामरागड गाठावे, तो समोर इंद्रावती, पामुलगौतम आणि पर्लकोटा यांचा संगम. पलीकडे अबूझमाडचे डोंगर. येथे गडचिरोली जिल्हा आणि महाराष्ट्रही संपतो. मात्र गोटुलला आणि मोहफुलांच्या गंधाला ही सीमा ठाऊक नाही.

त्या डोंगरांपल्याड, छत्तीसगडातील नारायणपूरजवळ, गढबंगाल हे मुरिया गोंडांचे गाव आहे. स्टॉकहोम शहरावरील लघुपटासाठी ऑस्कर मिळविलेले स्वीडिश दिग्दर्शक आर्ने सुक्सडॉर्फ तेथे आले आणि १९५७ मध्ये त्यांची अरण्यकथा पडद्यावर झळकली. संगीत पंडित रविशंकर यांचे. वाघाच्या बछड्याशी खेळणारा चेंदरू हा दहाएक वर्षांचा मुलगा त्या चित्रपटामुळे युरोपभर ओळखला गेला. त्याला स्वीडनलाही नेण्यात आले. नंतर तो गावी परतला आणि विस्मृतीत गेला. २०१३ मध्ये त्याचे निधन झाले, तोवर हलाखीने त्याची पाठ सोडली नव्हती. चित्रपट मात्र टिकला.

या अरण्यपट्ट्याच्या पश्चिम टोकाला, चंद्रपूरजवळ, ताडोबा आहे. १९५५ पासूनचे राष्ट्रीय उद्यान. मोहर्लीच्या प्रवेशद्वारापाशी पहाटे जिप्सींची रांग लागते आणि लांब भिंगांचे कॅमेरे सज्ज होतात. वाघीण दिसली की सारे श्वास रोखतात, आणि ते दृश्य आहेही तसेच देखणे. पण उन्हाळ्यात त्याच पहाटे गावोगावच्या बायका तेंदूपाने तोडायला रानात शिरलेल्या असतात. मे २०२५ मध्ये सिंदेवाही तालुक्यात अशा तीन स्त्रिया एकाच दिवशी वाघाच्या हल्ल्यात गेल्या. सुक्सडॉर्फ यांच्या अरण्यकथेत निदान बिबट्याच्या धास्तीत जगणारे गाव तरी दिसते. दोन-तीन मिनिटांच्या पर्यटनपटात वाघ, तळे आणि नृत्य यांच्यापुढे त्या गावाला जागा उरत नाही.

खरे तर चित्रित करण्याजोगे तेथे पुष्कळ आहे. दुपारी त्या बायका अंगणातील सावलीत पाने जुळवीत बसतात. सत्तर पानांचा एक पुडा. लेकीसुना, म्हातारी, शाळेला सुटी लागलेली पोरे, सगळ्यांचे हात त्यात असतात. ऊन कलले की पुडे डोक्यावर घेऊन फळीवर जायचे, मोजून द्यायचे, आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा पहाटे उठून त्याच रानात.