तीस अक्षरांचा रकाना

१९८७ च्या गळीत हंगामातली गोष्ट. कोल्हापूर भागातल्या एका सहकारी साखर कारखान्याच्या हिशेब खात्यात डॉट मॅट्रिक्स प्रिंटर करकरत ऊसबिलं छापत होता आणि सलग कागदाची घडी नीट पडतेय ना, हे बघत मी बाजूला उभा होतो. माझ्या धंद्यातलं ते पहिलं मोठं काम. सभासदांची सगळी नोंद मीच डीबेस थ्री प्लसमध्ये चढवली होती. नावासाठी तीस अक्षरांचा रकाना ठेवला होता आणि त्यात मावणार नाही असं नाव कुणाचं असेल, असं मला तेव्हा वाटलंही नव्हतं.

तिसऱ्या दिवशी दारात एक शेतकरी येऊन उभा राहिला. त्याच्या उसाचं बिल दुसऱ्याच्याच खात्यावर जमा झालं होतं. दोघांचं नाव एक, वडिलांचं नाव एक, आडनाव पाटील आणि गावही तेच. माझ्या प्रोग्रामला ती दोन माणसं वेगळी दिसतच नव्हती.

शेवटी शेती खात्यातल्या स्लिप बॉयला, म्हणजे उसाच्या नोंदींसाठी गावोगाव फिरणाऱ्या माणसाला, बोलावलं. त्याने खिशातली तेलकट डायरी काढली. त्या गावात एकाच नावाचे पाच सभासद होते आणि प्रत्येकापुढे त्याने पेन्सिलीने एकेक शब्द लिहून ठेवला होता. ‘विहिरीवरचे’, ‘चिंचेखालचे’, ‘मिलिटरीवाले’, ‘थोरल्या वाड्यातले’, ‘माळावरचे’. माझ्याकडे बघत तो म्हणाला, “साहेब, ह्यो आलाय त्यो चिंचेखालचा. तुमच्या मशिनीनं पैसं दिलं ते विहिरीवरच्याला.”

चूक माझी होती. त्या रात्री कारखान्याच्या गेस्ट हाऊसवर बसून मी सभासदांच्या फाईलमध्ये वीस अक्षरांचा आणखी एक रकाना वाढवला आणि त्याला ‘ओळख’ असं नाव दिलं. पुढच्या पस्तीस वर्षांत मी पुष्कळ प्रोग्राम लिहिले, लिहून घेतले, विकले. पण धंद्यात मी खरं काय शिकलो असं कुणी विचारलं, तर मी तो वीस अक्षरांचा रकाना दाखवीन.

कारण पेन्सिलीने लिहिलेली ती डायरी म्हणजे आडनावं जिथे जन्मतात ती जागा होती. आपली निम्मी आडनावं अशीच कुणाच्या तरी वहीत, कुणाच्या तरी तोंडी तयार झालेली आहेत. संतमंडळींकडे पाहावं. गोरा कुंभार, सावता माळी, नरहरी सोनार, सेना न्हावी. नावापुढे काम आलं की माणूस ओळखू यायचा. गाव सोडून परगावी गेलेला माणूस मागे सोडलेल्या गावाने ओळखला जाऊ लागला आणि त्याचा चिपळूणकर झाला, सातारकर झाला. गोव्यातल्या मंगेशीवरून मंगेशकर आले. गावचं दप्तर सांभाळणारा कुलकर्णी, परगण्याचा हिशेब ठेवणारा देशपांडे. फारसीत ‘नवीस’ म्हणजे लिहिणारा. तोच आपल्याकडे चिटणीस, फडणवीस, पारसनीस अशा नावांच्या शेवटी येऊन बसला. सुरुवातीची ही सगळी कामं होती. पुढे माणसं बदलली, कामं गेली, नावं मात्र घरात राहिली.

माझंही नवं नाव पडायला वेळ लागला नव्हता. १९८६ मध्ये नोकरी सोडून मी सदाशिव पेठेतल्या एका वाड्याच्या माडीवर दोन टेबलं टाकली. एक पीसी, वीस मेगाबाइटची हार्ड डिस्क, सव्वापाच इंची फ्लॉपींचा डबा आणि उन्हाळ्यात मशीन तापू नये म्हणून एक टेबलफॅन, एवढाच पसारा. पंखा मशीनला लावायचा, घाम आपण पुसायचा. आमच्याकडे फोन नव्हता. अर्ज करून वर्षानुवर्षं थांबायचे ते दिवस. खालच्या किराणा दुकानात फोन यायचा आणि दुकानदार चौकात येऊन वर बघत हाक मारायचा, “ओ कॉम्प्युटरवाले!” पोस्टमन, दूधवाला, समोरच्या आजी, सगळ्यांना मी त्याच नावाने ठाऊक होतो. मुंबईच्या पारशी मंडळींत इंजिनियर, कॉन्ट्रॅक्टर, बाटलीवाला ही आडनावं अशाच हाकांतून घट्ट झाली. माझं आडनाव आधीच कागदावर पक्कं झालेलं नसतं, तर माझ्या मुलीच्या दाखल्यावर ‘कॉम्प्युटरवाले’ लागलं असतं आणि मला ते मनापासून आवडलं असतं.

तेव्हा कंपनीचं नाव ठरवायला मला पाच मिनिटं लागली. आईचं माहेरचं नाव एका नदीचं होतं. सासरी आली तेव्हा तांदळाच्या ताटात सोन्याच्या अंगठीने वडिलांनी तिचं नवं नाव लिहिलं, ते देवीचं. नदीचं नाव त्या दिवसापासून कुणी घेतलं नाही. रेशनकार्डावर देवी, बँकेत देवी, दवाखान्यात देवी. मामा मात्र दिवाळीला आला की दारातूनच जुन्या नावाने हाक मारायचा आणि आईची मान चटकन वळायची. तशी वळलेली मान मी एरवी कधी पाहिली नाही. कंपनी नोंदवायची वेळ आली तेव्हा मी अर्जावर नदीचं नाव लिहिलं. आईने नोंदणीचं पत्र हातात घेऊन दोनदा वाचलं, काही न बोलता देवाजवळ ठेवलं आणि स्वयंपाकाला लागली.

आज तरुण मंडळी सल्ला विचारायला येतात. बाणेर, हिंजवडीच्या काचेच्या इमारतीत, कॉफी समोर ठेवून कंपनीचं नाव शोधत बसतात. आधी डोमेन मोकळं आहे का पाहतात, मग एखादा स्वर गाळतात, एखादं अक्षर दुप्पट करतात, म्हणजे जगात दुसरं कुणी सापडणार नाही. त्यात त्यांचं काही चुकत नाही. आमचं गिऱ्हाईक जिल्ह्यापुरतं होतं, त्यांचं सातासमुद्रापलीकडे आहे. भांडवलासाठी मी सहकारी बँकेत जामीनदार घेऊन गेलो होतो. त्यांना पंधरा मिनिटांत आपली कल्पना मांडून पैसे उभे करता येतात, याचा मला आनंदच आहे. फक्त एक विचारावंसं वाटतं. या नावाने हाक मारली तर तुमच्या घरातल्या कुणाची मान वळेल?

बारशालाही आता असंच दुसरीकडे न सापडणारं नाव शोधलं जातं. आमच्या लहानपणी आत्याने बाळाच्या कानात कुर्र करून नाव सांगितलं की नाव पडलं. घरात नुकतेच गेलेले आजोबा नातवाच्या नावातून परत यायचे. पंचांगाने जन्मनक्षत्राच्या चरणावरून अक्षर काढून दिलेलं असायचं. सत्तावीस नक्षत्रं, प्रत्येकाचे चार चरण, मिळून एकशे आठ घरं. अश्विनीला चू, चे, चो, ला आणि रोहिणीला ओ, वा, वी, वू. लहानपणी मी तो तक्ता तासन्‌तास बघत बसायचो. तक्त्यात बोट ठेवून उत्तर काढायची गोडी मला तिथे लागली असावी. ज्या घरात मुलं दगावायची तिथे पुढच्या बाळाचं नाव दगडू, धोंडू, केरबा ठेवत. दगडाला, केराला मृत्यूने हात लावू नये, एवढंच मागणं. आदिवासी पाड्यांवर जन्मवारावरून सोमा, बुधा अशी नावं ठेवत. त्या प्रत्येक नावात त्या दिवशी त्या घरात काय घडलं, याची खूण होती.

त्या खुणा सगळ्याच गोड नव्हत्या. मुलगा हवा होता आणि मुलगी झाली म्हणून तिचं नाव ‘नकोशी’ किंवा ‘नकुसा’ ठेवणारी घरंही आपल्याच महाराष्ट्रात होती. २०११ च्या ऑक्टोबरमध्ये साताऱ्यात अशा २८५ मुलींनी एका सोहळ्यात नवी नावं घेतली. ती बातमी वाचली तेव्हा मी ऑफिसात होतो. आमच्या एका सॉफ्टवेअरमध्ये शाळांच्या हजेरीपटाची सोय होती. त्यात नाव बदलायचं तर चार जणांची परवानगी लागेल असं आम्हीच करून ठेवलं होतं, कारण नाव म्हणजे पक्की नोंद अशी आमची समजूत होती. त्या दिवशी मी ऑफिसातल्या मुलांना बोलावलं आणि ती वाट सोपी करायला सांगितली. जुनं ते सगळंच जपून ठेवण्यासारखं असतं असं नाही. ‘नाव ठेवणं’ आणि ‘नावं ठेवणं’ यांच्यात आपल्या भाषेत एका टिंबाचंच अंतर आहे. त्या मुलींच्या वाट्याला दोन्ही एकाच दिवशी आली होती.

नावाच्या लिपीचाही लढा आम्ही लढलो. सुरुवातीला सगळं रोमन अक्षरांत. काळे आणि काले एकच, पोळ आणि पोल एकच. ‘ळ’ला जागाच नव्हती. १९८८ मध्ये पुण्यात सी-डॅक सुरू झालं आणि पुढे त्यांचं जिस्ट कार्ड आमच्या पीसीत बसलं. काळ्या पडद्यावर पहिल्यांदा देवनागरी नाव उमटलं तेव्हा कारखान्यातला म्हातारा कारकून खुर्चीवरून उठला आणि त्याने पडद्याला हात लावून पाहिलं. मग फॉन्टचा गोंधळ आला. एका फॉन्टमध्ये लिहिलेलं दुसऱ्यात उघडलं की नावाचा चुराडा. ‘गोऱ्हे’, ‘कऱ्हाडकर’ या नावांतला तो अर्धा ‘ऱ’ तर हमखास मोडायचा आणि माणसं बिलावर पेनाने दुरुस्ती करून द्यायची. युनिकोड घरोघरच्या मशीनवर पोचलं, प्राध्यापक र. कृ. जोशींनी घडवलेला ‘मंगल’ फॉन्ट विंडोजसोबत येऊ लागला, तेव्हा कुठे आमची पेनं खिशात राहिली. आज माझी नात फोनवर बोलून नाव लिहिते. त्यातला ‘ळ’ जागच्या जागी असतो आणि तिला त्यात काही विशेष वाटत नाही. हे मला फार बरं वाटतं.

अमेरिकेतलं काम मिळू लागलं तेव्हा आणखी एक शाळा झाली. तिथे नावं शोधायला साउंडेक्स वापरत. १९१८ मध्ये पेटंट घेतलेली ही युक्ती अशी, की नावाचं पहिलं अक्षर तसंच ठेवायचं आणि पुढच्या व्यंजनांचे आकडे करायचे. पण आपला ‘वाघ’ कुणी डब्ल्यूने लिहितो, कुणी व्हीने. पहिलं अक्षर बदललं की तोच माणूस त्याचा त्यालाच सापडत नाही. आम्ही चौघांनी महिनाभर बसून मराठी कानाचा वेगळा तक्ता केला. व कुठे ऐकू येतो, ळ कुठे हरवतो, श आणि ष कुठे मिसळतात. नाव डोळ्यांसाठी नसतं, कानासाठी असतं, हे त्या महिन्यात पक्कं समजलं.

आता तो तक्ताही मागे पडला. २०१० मध्ये नंदुरबार जिल्ह्यातल्या टेंभली गावात पहिलं आधार कार्ड दिलं गेलं आणि माणूस ओळखायचं काम बारा आकड्यांनी उचललं. विहिरीवरचे आणि चिंचेखालचे आता मशीनला कधीच चुकणार नाहीत. नावाच्या डोक्यावरचं केवढं ओझं उतरलं! गंमत अशी, की सगळी गफलत नावावरून व्हायची तेव्हा आपण आजोबांचं नाव नातवाला देत होतो. आकडा सगळं सांभाळतो आहे तर आता प्रत्येक बाळाला जगात दुसरं नसेल असं नाव हवं आहे. मला वाटतं, उलट आता आपण मोकळे झालो आहोत. नाव वेगळं असण्याची गरज उरलेली नाही. ते कुणीतरी मायेने ठेवलेलं असलं की पुरे.

रकानेही मोठ्या मनाचे होत आहेत. महाराष्ट्रात २०२४ च्या मार्चमध्ये निर्णय झाला आणि १ मेपासून सरकारी कागदांवर बाळाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं आणि शेवटी आडनाव असा क्रम आला. ऑफिसात त्या बदलाचं काम माझ्या मुलीने केलं. कंपनी आता तीच सांभाळते. पडद्यावर आईच्या नावाचा रकाना उघडलेला पाहिला आणि मी विचारलं, “लांबी किती ठेवलीस गं?” ती म्हणाली, “बाबा, आता लांबी ठरवावी लागत नाही. जेवढं असेल तेवढं मावतं.”

मागच्या वर्षी त्या कारखान्याच्या वाटेवर जाणं झालं. गाव ओळखू येत नव्हतं. रस्ता रुंद करताना चिंच पाडली गेली होती. तिच्या जागी आता मोबाईलचं दुकान आहे. दुकानातल्या पोराला मी पाटलांचं घर विचारलं. त्याने वर न बघता विचारलं, “कोणते पाटील, काका?” माझ्या तोंडून निघून गेलं, “चिंचेखालचे.” त्याने लगेच हात करून समोरचा नवा बंगला दाखवला. फाटकावर काळ्या ग्रॅनाईटची पाटी होती. तिच्यावर आडनावाच्या खाली, तितक्याच मोठ्या अक्षरांत, कोरलेलं होतं: चिंचेखालचे.