आडातलं आणि पोहऱ्यातलं

आडात नाही तर पोहऱ्यात कुठून येणार? बिनतोड आहे. तरी दृश्यावर गाणं चढवण्याच्या बाबतीत मला ते पटत नाही.

‘कॅम्प’ या मुंबईतल्या कलावंतांच्या गटाचा ‘फ्रॉम गल्फ टू गल्फ टू गल्फ’ हा २०१३ सालचा ८३ मिनिटांचा चित्रपट आहे. कच्छ, सिंध, बलुचिस्तान, दक्षिण इराणकडच्या खलाशांनी लाकडी गलबतांवर मोबाइलने टिपलेल्या दृश्यांचा. काही दृश्यांवर गाणी आधीच होती, खलाशांनीच बसवलेली, आणि ती तशीच राहू दिली आहेत. दिसतं काय? पाणी, दोरखंड, शेजारच्या गलबताची नाळ. गाणं लागलं की त्याच पाण्याला विरह चढतो. तो पाण्यात होता?

आजोळी विहिरीत पोहरा सुटला की गळ टाकायचे. दोराला आकड्यांचा लोखंडी जुडगा बांधून तळ ढवळत बसायचं. आपला पोहरा सोडून काहीही वर यायचं: कुणाची कळशी, गंजकी बादली. एकदा पितळी तांब्या आला. त्यावर कोरलेलं नाव घरात कुणालाच ओळखीचं नव्हतं. दोन पिढ्यांच्या सुना आठवून झाल्या, वाडीत विचारून झालं. शेवटी मामीने तो चिंचेने घासला आणि वापरायला काढला. म्हणजे म्हण खरीच, पण आडात काय काय आहे हे माहीत कुणाला होतं?

इथवर बरं वाटत होतं. मग कांदिवलीहून सकाळच्या लोकलमध्ये शेजारच्याच्या मोबाइलवर मिक्सरची जाहिरात दिसत होती, आवाज बंद. पलीकडे कुणाचं तरी जुनं रडकं गाणं चालू. भांड्यात फिरणारी हिरवी चटणी बघून गळा दाटून आला हो! खलाशांनी गाणं निवडलं होतं, इथे कुणी काहीच निवडलं नव्हतं, एवढा फरक मी स्वतःला सांगून पाहिला. गळ्याला तो कळला नाही. कुठलंही गाणं कशावरही बसत असेल, तर खलाशाने सांगितलं ते काय?

महावीर नगरात आमच्या मजल्यावर कच्छमधल्या मांडवीचे एक काका आहेत. त्यांना चित्रपटातला तो गलबताचा तुकडा दाखवला. गाण्याचं काय वाटलं, विचारलं. “गाना था क्या?” म्हणाले, आणि गलबत कुठल्या बंदरात बांधलेलं असेल ते नाळेवरून ओळखू पाहत राहिले.