ओव्हनमधली चकली वेटोळी कशाला?

दादरच्या बाजारात तळलेल्या चकलीशेजारी आता ‘बेक्ड’ चकलीचीही पाकिटं दिसतात, आणि घरात ओटीजी आला की तीच भाजणी ट्रेमध्ये घालून बघायचा मोह कुणालाही होतो. मलाही झाला, आणि तो अजून सुटलेला नाही. पण इतके ट्रे भाजल्यावर माझं मत पक्कं झालंय : ओव्हनमधली चकली फसते ती तेलावाचून नव्हे, आकारामुळे. कढईत सोडलेल्या चकलीच्या वेढ्यांमधल्या फटींत तेल शिरतं, पिठातल्या पाण्याची वाफ होऊन बुडबुडे उसळतात, आणि ते शांत झाले की घाणा झाला. वाफ जाताना पिठात बारीक पोकळ्या ठेवून जाते. खुसखुशीतपणा तो त्यांचाच. 180 अंशांच्या ओव्हनमध्ये क्षणभर हात घालता येतो, तितक्याच तापलेल्या तेलात बोटसुद्धा नाही. हवा उष्णता देते ती इतकी सावकाश. त्यामुळे ट्रेमधल्या चकलीचे काटे आधी करपू लागतात, बाहेरचा वेढा तांबूस होतो आणि मधे, जिथे पिठाची वळी एकमेकांना चिकटलेली असतात, तिथे ओल तशीच राहते. डब्यात गेल्यावर ती ओल हळूहळू बाहेरच्या वेढ्यांत उतरते. दुसऱ्या दिवशी सगळीच चकली वातड, आणि बोल लागतो भाजणीला.

यावर सगळे सांगतात तो उपाय म्हणजे मोहन वाढवणं. तो लागू पडतो, पण त्याचा हिशेब कुणी मांडत नाही. वाटीभर, म्हणजे साधारण 120 ग्रॅम भाजणीला दोन मोठे चमचे मोहन घातलं, तर सुमारे 28 ग्रॅम तेल आत गेलं. भाजून झाल्यावर चकलीच्या वजनात जवळजवळ पाचवा हिस्सा तेलच. तळलेल्या चकलीत ते चौथा हिस्सा किंवा त्याहून जास्त असतं. म्हणजे बचत होते, पण ‘बेक्ड’ म्हणून दुप्पट खाण्याइतकी नक्कीच नाही. म्हणून मोहनावर भर देण्यापेक्षा मी सोऱ्याची चांदणीची चकती सोडून साधी एकाच भोकाची चकती लावते, बोटभर लांबीच्या सरळ काड्या पाडते आणि दोन काड्यांत हवा खेळेल एवढी जागा सोडते. दीड मोठ्या चमच्याचं मोहन पुरतं, काड्या एकसारख्या भाजतात, आणि ओव्हन बंद केल्यावर दार किंचित उघडं ठेवलं की उरलीसुरली ओलही निघून जाते.

मग ती चकली कसली, असं विचारलं जाईल. कडबोळी जवळपास अशाच भाजणीची असतात. आकार बदलला म्हणून त्यांना कुणी परकं म्हटलेलं नाही. लालबागच्या चिवडा गल्लीतला तळलेल्या पोह्यांचा चिवडा आणि घरी कढईत परतलेल्या पातळ पोह्यांचा चिवडा यांचा पोत अगदी वेगळा, पण दोन्ही चिवडेच. शिवाय भट्टी म्हणजे कालपरवा आलेलं फॅड, हेही खरं नाही. दिवाळीआधी नानकटाईचं साहित्य घेऊन बेकरीत जायचं आणि भाजून आणायचं, ही रीत गिरगाव-परळच्या चाळींना चांगली ठाऊक होती. नानकटाईने मात्र कधी तळणीची नक्कल केली नाही. ती भट्टीचीच म्हणून घडली, म्हणून टिकली. (खारीचंही तेच. तळलेल्या खारीची कल्पनाच करवत नाही.)

एक हरकत मला खोडता येत नाही, ती वेळेची. ट्रेभर काड्यांना अर्धा तास जातो, तेवढ्यात कढईतून घाण्यामागून घाणा निघतो. किलोभर भाजणी आणि शेजारीपाजारी ताटं पाठवायची असतील, तर ओव्हनच्या नादाला लागू नये. कढईच चढवावी आणि चकली वेटोळीच पाडावी. काड्या मी करते त्या श्रावणात, मार्चमध्ये, दुपारच्या चहाबरोबर चार-चार खाण्यापुरत्या.